तेरा मुलं, एक मास्तर आणि साठ तासांची फिल्म

फ्रेंच शाळेत पोरांना अगदी सुरुवातीला दोन क्रियापदं चालवायला शिकवतात. एत्र आणि आव्वार. एत्र म्हणजे असणं. आव्वारचं मराठी करायला गेलं की आपण अडतो, कारण ‘जवळ असणं’ यासाठी आपल्याकडे स्वतंत्र क्रियापदच नाही. ‘मी शिक्षक आहे’ यात आहे, ‘माझ्याकडे पुस्तक आहे’ यातही आहे. फ्रेंच माणसाला हे दोन ‘आहे’ वेगळे ऐकू येतात.

‘एत्र ए आव्वार’ याच नावाचा माहितीपट २००२ साली फ्रान्समध्ये प्रदर्शित झाला. दिग्दर्शन आणि संकलन निकोला फिलिबेर यांचं. विषय एका डोंगराळ गावातली एकशिक्षकी शाळा. चित्रपट अफाट चालला आणि वर्षभरात त्यातल्या शिक्षकाने दिग्दर्शकावर आणि निर्मात्यांवर दावा लावला. तो दावा २००८ पर्यंत, म्हणजे फ्रान्सच्या सर्वोच्च अपील न्यायालयापर्यंत गेला. शिक्षक त्या चित्रपटात होता याबद्दल कुणाचंच दुमत नव्हतं. त्या चित्रपटातलं त्याचं काय होतं, यावर सगळं भांडण.

मी माहितीपटांचं संकलन करते. हे प्रकरण मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला शिक्षकाचा राग आला होता. नंतर काही वर्षांनी तोच चित्रपट पुन्हा पाहिला तेव्हा राग उरला नाही. आज माझं मत असं आहे की न्यायालयांनी दिलेले तिन्ही निकाल योग्य होते, आणि तरीही त्या माणसाचं दुखणं खरं होतं. या दोन्ही गोष्टी एकत्र कशा बसतात, तेच इथे मांडायचं आहे.

कॅमेऱ्यामागचा माणूस

फिलिबेर यांचा जन्म १९५१ चा, नान्सी शहरातला. वाढले ग्रनोब्लला. वडील तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक आणि सिनेमावरही व्याख्यानं देणारे, त्यामुळे चित्रपट बघणं आणि त्यावर बोलणं हे घरातच होतं. स्वतः निकोलाही तत्त्वज्ञान शिकले, पण काम सुरू केलं ते रने आलियो या दिग्दर्शकाच्या हाताखाली. १९७५ साली आलियो यांनी नॉर्मंडीत एक चित्रपट केला. एकोणिसाव्या शतकात तिथल्या एका तरुण शेतकऱ्याने केलेल्या खुनांची ती गोष्ट, आणि त्यातल्या शेतकऱ्यांच्या भूमिका तिथल्याच खऱ्या शेतकऱ्यांनी केल्या. त्यांना शोधून काढण्याचं काम सहायक म्हणून फिलिबेर यांच्याकडे होतं. हा तपशील लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

१९७८ साली जेरार मोर्दिया यांच्यासोबत त्यांनी पहिला माहितीपट केला. मोठमोठ्या उद्योगसमूहांचे प्रमुख कॅमेऱ्यासमोर बसून सत्ता, कामगार, संप, नफा यांवर बोलतात, एवढंच त्यात आहे. बोलणारे वजनदार होते. त्याच चित्रीकरणातून टीव्हीसाठी जी मालिका बेतली होती ती रोखली गेली आणि लोकांसमोर यायला दहा वर्षांहून जास्त काळ गेला. म्हणजे चित्रित झालेल्या माणसाचं ‘हे दाखवू नका’ हे म्हणणं कारकिर्दीच्या पहिल्याच पायरीवर फिलिबेर यांच्यासमोर आलं होतं. फरक इतकाच की उद्योगपतींच्या जगाला प्रक्षेपण थांबवता येतं. खेड्यातल्या मास्तराला ते जमत नाही, त्याला कोर्टात जावं लागतं, आणि तेही सगळं दाखवून झाल्यावर.

मधली काही वर्षं त्यांनी गिर्यारोहणावरचे आणि खेळावरचे चित्रपट केले. १९९० मध्ये लुव्र संग्रहालयाच्या पडद्यामागच्या कामावरचा माहितीपट आला, १९९२ मध्ये कर्णबधिर माणसांवरचा. १९९५ च्या उन्हाळ्यात ते ला बोर्द या मनोरुग्णालयात गेले. ज्यां उरी या मनोविकारतज्ज्ञांनी १९५३ मध्ये सुरू केलेली ही संस्था. तिथले रुग्ण आणि कर्मचारी दर उन्हाळ्यात मिळून एक नाटक बसवतात. तिथे चित्रीकरण करावं की नाही यावर फिलिबेर बराच काळ घुटमळले. ज्यांना नकार देणंच कठीण जातं अशा माणसांकडे कॅमेरा वळवायचा तर कसा, हा त्यांचा अडसर होता. त्यामुळे संमतीचा विचार न करणारा हा माणूस, असं त्यांच्याबद्दल म्हणता येणार नाही. उलट या प्रश्नावर इतका थांबणारा दिग्दर्शक क्वचितच सापडतो. म्हणून तर हे प्रकरण अभ्यासण्यासारखं आहे. निष्काळजी माणसाच्या चुकीतून शिकायला फारसं काही नसतं.

शाळेचा शोध

फिलिबेर यांना अशी शाळा हवी होती जिथे लहानांपासून मोठ्यांपर्यंत सगळी मुलं एकाच खोलीत, एकाच शिक्षकाकडे शिकतात. आपल्याकडे जिल्हा परिषदेच्या वाडीवस्तीवरच्या शाळेत वाढलेल्यांना हे चित्र समजावून सांगावं लागणार नाही: एका कोपऱ्यात पाटीवर गिरवणं, दुसऱ्यात भागाकार आणि मास्तर दोन्हीकडे. त्यांनी तीनशेहून जास्त शाळांशी संपर्क साधला आणि शंभराच्या आसपास शाळा प्रत्यक्ष पाहिल्या. अटी साध्या पण नेमक्या होत्या. प्रदेश डोंगराळ हवा, हिवाळा कडक हवा, म्हणजे ऋतू बदललेला डोळ्यांना दिसेल. पटसंख्या छोटी हवी, म्हणजे प्रत्येक मूल प्रेक्षकाच्या ओळखीचं होईल. वर्ग पुरेसा मोठा आणि खिडक्यांतून भरपूर उजेड येणारा हवा, म्हणजे दिवे लावावे लागणार नाहीत. दिवे लावले की वर्गाचा स्टुडिओ होतो, आणि मुलांना ते लगेच कळतं.

अशी शाळा सापडली ओव्हेर्न प्रांतात, प्युई-द-दोम जिल्ह्यातल्या सँत-एत्येन-स्युर-उसाँ या गावी. तेरा मुलं, साधारण चार ते अकरा वर्षांची. शिक्षक जॉर्ज लोपेझ. पस्तीस वर्षं नोकरी, त्यातली वीस याच शाळेत, आणि निवृत्ती दीड वर्षावर आलेली. वडील स्पेनच्या आंदालुसियातून आलेले शेतमजूर. आवाज कधी न चढवणारा, मुलाशी बोलताना त्याच्या उंचीवर वाकणारा, पण शिस्तीला जुन्या वळणाचा माणूस.

डिसेंबर २००० ते जून २००१ या काळात मिळून सुमारे दहा आठवडे चित्रीकरण झालं. माणसं चार. छायांकनाची मुख्य जबाबदारी कातेल जियाँ यांच्याकडे, ज्या फिलिबेर यांच्या अनेक चित्रपटांत त्यांच्यासोबत राहिल्या. साठेक तासांचं चित्रीकरण साठलं. चित्रपट झाला १०४ मिनिटांचा. हिशेब केला तर दर पस्तीस मिनिटांतलं एक मिनिट पडद्यावर आलं. माहितीपटाच्या मानाने हे प्रमाण काही अतिरेकी नाही, पण उरलेल्या चौतीस मिनिटांतही तोच मास्तर होता, हे विसरून चालत नाही.

संकलनाच्या टेबलावर

चित्रपट सुरू होतो बर्फाच्या वादळात. गुराखी गाई हाकतायत, काही धड दिसत नाही. तिथून आपण एकदम रिकाम्या वर्गात येतो. कुणी नाही, आणि जमिनीवरून दोन कासवं अगदी सावकाश चालली आहेत. बाहेर वादळ, आत कासव. एक शब्द न बोलता संकलकाने सांगून टाकलं की या खोलीतला वेळ वेगळ्या चालीने चालतो. मुलं येतात ती यानंतर. हा क्रम उलटा असता, आधी मुलांचा गलका आणि मग वादळ, तर तोच वर्ग आपल्याला गरीब आणि एकाकी वाटला असता. वर्ग बदलला नसता, चित्रपट बदलला असता.

दुसरा प्रसंग मोजणीचा. मोजत मोजत किती पुढे जाता येतं, असं लोपेझ एका चार वर्षांच्या मुलाला विचारतात. हा तोच मुलगा, ज्याला नंतर अख्ख्या फ्रान्सने लाडाच्या नावाने ओळखलं. मुलगा एक आकडा सांगतो. त्याच्या पुढे जाता येईल का? येईल. मग त्याच्याही पुढे? शंभर, हजार, लाख, कोटी असं करत मास्तर त्याला ओढत नेतात आणि पोराचं निम्मं लक्ष दुसरीकडेच आहे. अनंत म्हणजे काय, याचा यापेक्षा चांगला पाठ मी पाहिलेला नाही. आणि तो चांगला का आहे? मास्तर चिकाटीचे आहेत म्हणून, पोरगं कंटाळलेलं आहे म्हणून, छायाचित्रकाराने चेहऱ्यावरून कॅमेरा हलवला नाही म्हणून, आणि संकलकाने तो पुरेसा लांब चालू दिला म्हणून. या चौघांतलं एकही काढलं तर प्रसंग कोसळतो. यातला लेखक कोण, असं कुणी विचारलं तर?

तिसरा प्रसंग अवघड आहे. एका मोठ्या मुलाचे वडील आजारी आहेत. लोपेझ त्याच्या शेजारी बसून हलक्या आवाजात त्याबद्दल विचारतात आणि मुलाच्या डोळ्यांतून पाणी येतं. मास्तर त्याला थांबवत नाहीत, दोन शब्द बोलतात, पुन्हा गप्प होतात. कॅमेरा तिथेच आहे. माझ्यासारखीने हा तुकडा टेबलावर पाहिला असता तर काय केलं असतं? ठेवला असता. आजही ठेवीन. पण हात थरथरला असता, कारण ते मूल त्या क्षणी मास्तरांशी बोलत होतं, लाखो अनोळखी माणसांशी नाही.

सगळ्या चित्रपटात लोपेझ कॅमेऱ्याकडे तोंड करून फक्त एकदाच बोलतात. बाहेर उघड्यावर बसून ते आपल्या वडिलांबद्दल आणि लहानपणापासून शिक्षकच व्हायचं होतं याबद्दल सांगतात. बाकी वेळ ते काम करताना दिसतात. आणि शेवटी उन्हाळी सुट्टीच्या दिवशी एकेका मुलाच्या गालाची पापी घेऊन निरोप देतात, मुलं जातात, आणि दारात उभ्या त्या माणसाचे डोळे भरून येतात. हा शेवट पाहून कोरडी राहणारी माणसं मला भेटलेली नाहीत.

इथे संकलक म्हणून एक गोष्ट कबूल करायला हवी. पडद्यावरचे हे मास्तर खरे आहेत, पण ते निवडलेले खरे आहेत. वर्षभरात ते कधी चिडले असतील, कंटाळले असतील, एखाद्या मुलाकडे त्यांचं दुर्लक्ष झालं असेल. फिलिबेर यांनी त्यांना खोटं रंगवलं नाही. त्यांनी त्या माणसाच्या चांगुलपणाला एक सलग रेषा दिली. प्रत्यक्ष आयुष्यात अशी रेषा कुणाचीच नसते.

यश

मे २००२ मध्ये कान महोत्सवात स्पर्धेबाहेर हा चित्रपट दाखवला गेला. ऑगस्टच्या अखेरीस तो फ्रान्सच्या चित्रपटगृहांत लागला आणि सुमारे १८ लाख तिकिटं खपली. माहितीपटासाठी हा आकडा कुणाच्या स्वप्नातही नव्हता. त्या वर्षीच्या सर्वोत्तम फ्रेंच चित्रपटाला दिलं जाणारं लुई देल्युक पारितोषिक मिळालं, युरोपीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्तम माहितीपट ठरला, आणि २००३ च्या सेझार या फ्रान्सच्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांच्या समारंभात सर्वोत्कृष्ट संकलनाचा पुरस्कार फिलिबेर यांना मिळाला. कथापटांच्या रांगेत उभं राहून एका माहितीपटाने संकलनाचं सेझार नेलं याचा माझ्या धंद्यातल्या माणसांना आजही अभिमान वाटतो.

निर्मितीत आर्ते वाहिनीचा चित्रपट विभाग होता आणि शैक्षणिक साहित्य तयार करणारी सरकारी संस्थाही होती. शाळांपर्यंत, शिक्षकांपर्यंत, फार तर रसिकांच्या छोट्या वर्तुळापर्यंत जाईल अशी कुणाचीही अपेक्षा असावी, असाच हा प्रकल्प. लोपेझ यांचं नंतर म्हणणं हेच होतं: एकशिक्षकी शाळांवरचा एक छोटा माहितीपट, असं आम्हाला सांगण्यात आलं होतं. सुरुवातीला मात्र ते या यशात सामील होते. कानला गेले, प्रसिद्धीच्या कार्यक्रमांत बोलले. पुढे न्यायालयांनी या गोष्टीची नोंद घेतली.

दावा

२००३ च्या शरद ऋतूत लोपेझ यांनी अडीच लाख युरोंची मागणी केली. काही मुलांच्या पालकांनीही पैशांचे दावे पुढे केले. फ्रान्समध्ये खळबळ माजली, कारण पडद्यावरच्या त्या निर्मळ मास्तरांनी पैसे मागावेत हे लोकांच्या पचनी पडेना. मला ही प्रतिक्रिया फार अन्यायाची वाटते. पडद्यावर मास्तर निःस्वार्थी दिसले ते संकलनामुळेही. मग त्याच प्रतिमेची काठी करून त्यांनाच मारायचं?

कायद्याच्या अंगाने दाव्याचे धागे तीन-चार होते आणि प्रत्येकाचा स्वतंत्र विचार करण्यासारखा आहे.

लोपेझ म्हणाले, मी या चित्रपटाचा सहलेखक आहे. फ्रेंच कायद्यात दृक्-श्राव्य कलाकृतीचे सहलेखक म्हणून कोणाला धरायचं याची यादी आहे: पटकथा, रूपांतर, संवाद यांचे लेखक, चित्रपटासाठी खास संगीत करणारा, आणि दिग्दर्शक. चित्रपटात बोललेलं बहुतेक सगळं लोपेझ यांच्याच तोंडचं आहे, मग संवादलेखक तेच नाहीत का? न्यायालयांचं उत्तर असं की ते शब्द चित्रपटासाठी रचलेले नव्हते. कोणता प्रसंग घ्यायचा, कोणता सोडायचा, कोणत्या क्रमाने लावायचा, यातला एकही निर्णय शिक्षकाचा नव्हता. म्हणजे ज्या कामासाठी फिलिबेर यांना सेझार मिळालं, त्याच कामाच्या जोरावर ते खटलाही जिंकले. निवड आणि मांडणी यांतून कलाकृती होते, हे परीक्षक आणि न्यायाधीश दोघांनीही मान्य केलं.

दुसरा मुद्दा असा की माझे पाठ ही माझी मौखिक रचना आहे. फ्रेंच कायदा व्याख्यानं, प्रवचनं, वकिलांची भाषणं यांना साहित्यकृतीइतकंच संरक्षण देतो, त्यामुळे हा मुद्दा हवेतला नव्हता. पण शुद्धलेखन घालणं, पाढे घेणं, क्रियापदं चालवून घेणं यात स्वतःची वेगळी रचना सिद्ध करावी लागते. अध्यापनाची पद्धत कितीही सुंदर असली तरी तिच्यावर मालकी मिळत नाही. शिक्षक म्हणून हे ऐकताना कसं वाटलं असेल? पस्तीस वर्षांच्या हातोटीला ‘यात मौलिक असं काही नाही’ असा शेरा, तोही न्यायालयाकडून. कायद्याच्या भाषेत ‘मौलिक’चा अर्थ वेगळा आहे हे मला कळतं. पण निकाल वाचणारा माणूस तो शब्द आपल्या रोजच्या भाषेतच वाचतो.

तिसरा मुद्दा मला सगळ्यात जास्त छळतो. लोपेझ यांनी कलावंताचे, म्हणजे सादरकर्त्याचे हक्क मागितले. फ्रान्समध्ये ही व्याख्या उदार आहे; गाणारे, नट, सर्कशीत आणि बाहुल्यांच्या खेळात काम करणारेसुद्धा तिच्यात बसतात. पण त्यात बसायचं तर लोपेझ यांना म्हणावं लागणार होतं की मी शिक्षकाची भूमिका केली. त्यांचं सगळं मोठेपण तर यात होतं की त्यांनी भूमिका केली नव्हती. न्यायालयाने तेच धरलं: ते पडद्यावर स्वतःचं रोजचं काम करताना दिसतात, स्वतःची नसलेली कुठलीही भूमिका वठवताना नाही. ज्या वाक्याने त्यांचा दावा संपला, तेच वाक्य त्यांच्याबद्दल कुणी काढलेलं सर्वांत गौरवाचं वाक्य आहे असं मला वाटतं. ते वाचून त्यांना गौरव वाटला असेल, अशी मात्र माझी समजूत नाही.

राहिला स्वतःच्या प्रतिमेवरचा हक्क. चित्रीकरणाला त्यांची संमती होती आणि प्रसिद्धीतही त्यांनी भाग घेतला होता, त्यामुळे तोही टिकला नाही.

पॅरिसच्या न्यायालयाने २७ सप्टेंबर २००४ रोजी दावा फेटाळला. अपील न्यायालयाने मार्च २००६ मध्ये तो निकाल कायम ठेवला. १३ नोव्हेंबर २००८ रोजी सर्वोच्च अपील न्यायालयानेही तेच केलं.

माझं म्हणणं

फ्रान्समधले माहितीपटकार या काळात धास्तावले होते, आणि त्यांची भीती रास्त होती. ज्याच्या रोजच्या जगण्यावर चित्रपट काढायचा त्याला सहलेखक मानलं, तर चित्रपटाचा शेवटचा शब्द त्याचाच. मग उद्योगपतींवरचा, पोलिसांवरचा, मंत्र्यांवरचा माहितीपट कधी पूर्णच होणार नाही. आणि आधीच पैसे ठरवले तर माणूस कॅमेऱ्यासमोर पैशाला जागायला लागतो. शिवाय मास्तर सहलेखक असतील तर तो कंटाळलेला चार वर्षांचा पोरगाही सहलेखकच की. म्हणून निकाल बरोबर होता, असं मी म्हणते.

पण संमतीचं काय? आमच्या धंद्यात संमती एकदाच घेतली जाते, सुरुवातीला, कागदावर. त्या वेळी चित्रपट अस्तित्वातच नसतो. माणूस ‘हो’ म्हणतो ते समोर बसलेल्या चार माणसांना, त्यांच्या वागण्याला, चहा पिता पिता झालेल्या गप्पांना. पुढे दोन गोष्टी घडतात ज्यांची त्याला कल्पना देणंही शक्य नसतं. एक म्हणजे संकलन: त्याच्या वर्षातलं दीडेक तास उरतं, त्याचंच पण त्याने न निवडलेलं. दुसरं म्हणजे प्रेक्षक. दहा हजार लोकांनी पाहिलेला मास्तर आणि अठरा लाखांनी पाहिलेला मास्तर ही दोन वेगळी माणसं आहेत. दुसऱ्याला बाजारात लोक थांबवतात, आणि आपण पडद्यावर होतो तसेच अजून आहोत हे त्याला दिवसभर सिद्ध करत राहावं लागतं.

लोपेझ यांच्याशी कुणी फसवणूक केली असं मला दिसत नाही. फिलिबेर यांनाही हे यश ठाऊक नव्हतं. पण यश आल्यानंतर, पहिल्या लाख तिकिटांनंतर, कुणीतरी पुन्हा त्या गावी जाऊन बसायला हवं होतं. मास्तर, तुम्ही ज्याला हो म्हणालात ते हे नव्हे, आता काय करूया, असं विचारायला हवं होतं. कदाचित गावाच्या शाळेसाठी काही, कदाचित प्रसिद्धीच्या कामाचं रीतसर मानधन, कदाचित नुसतंच ऐकून घेणं. निर्मितीच्या करारात अशा भेटीसाठी जागाच नसते. मग माणूस वकिलाकडे जातो, आणि वकील त्याच्या दुखण्याचं भाषांतर उपलब्ध कलमांत करतो: लेखक, कलावंत, प्रतिमा, युरो. ‘माझ्याबद्दल सगळ्यांना सगळं माहीत आहे आणि माझ्या हातात काहीच नाही’ या वाक्यासाठी कुठलंच कलम नव्हतं.

एत्र आणि आव्वारमधलं अंतर मला इथे जाणवतं. मराठीत मी सहज म्हणेन, ‘तो चित्रपट माझा आहे’, आणि या ‘आहे’त मी त्यात असणंही येईल आणि तो माझ्याकडे असणंही.

त्यानंतर

खटला चालू असतानाच, अपीलाचा निकाल लागल्यानंतर आणि अंतिम निकालाआधी, २००७ मध्ये फिलिबेर यांचा पुढचा माहितीपट आला. त्यासाठी ते कुठे गेले? नॉर्मंडीत. तीस वर्षांपूर्वी त्यांनी स्वतः शोधून आलियो यांच्या चित्रपटात आणलेल्या शेतकऱ्यांकडे. त्या एका उन्हाळ्याने तुमच्या आयुष्यात काय केलं, हे विचारायला. काही जण म्हातारे झाले होते, काही गेले होते, आणि खुन्याची भूमिका करणाऱ्या तरुणाचा माग काढणं हा चित्रपटाचा एक मोठा धागा आहे. खटल्याचा त्यात उच्चार नाही आणि दोन्हींचा संबंध मी माझ्या जबाबदारीवर जोडते आहे. पण चित्रित झालेल्या माणसाकडे परत जाऊन बसणं म्हणजे काय, हे पाहायचं असेल तर मी तोच चित्रपट दाखवेन.

२०१० मध्ये त्यांनी पॅरिसच्या प्राणिसंग्रहालयातल्या एका ओरांगउटान मादीवर चित्रपट केला. १९६९ ची बोर्नियोतली तिची पैदास, १९७२ पासून पॅरिसच्या पिंजऱ्यात. पडद्यावर फक्त प्राणी दिसतात. काचेपलीकडची माणसं नुसती ऐकू येतात: ती दुःखी आहे, ती कंटाळली आहे, ती आपल्याला ओळखते. बघणाऱ्याच्या डोळ्यांत चित्रित जिवाचं काय काय होऊन बसतं, हे सगळं तिथे आहे, आणि त्या जिवाला यातलं काहीच खोडून काढता येत नाही.

पुढे त्यांनी कॅमेराही स्वतःच्या हातात घेतला. २०१८ मधला परिचारिकांच्या शिक्षणावरचा चित्रपट त्यांनी स्वतः चित्रित केला, आणि २०२३ मध्ये बर्लिन महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्ण अस्वल, मिळवणारा ‘आदामाँ’वरचा चित्रपटही. आदामाँ म्हणजे पॅरिसमध्ये सेन नदीवर तरंगणारं, लाकडी इमारतीतलं मनोरुग्णांसाठीचं दिवसाचं केंद्र, २०१० पासून चालू असलेलं. छायांकन आणि संकलन दोन्ही एकाच माणसाकडे आल्यामुळे एक गोष्ट बदललेली मला तिथे दिसते. लोक कॅमेऱ्यामागच्या माणसाशी थेट बोलतात. त्याला प्रश्न विचारतात, त्याची चौकशी करतात, आणि तो आवाजाने उत्तर देतो. ‘एत्र ए आव्वार’मध्ये चार माणसं भिंतीला लागून अदृश्य होण्याचा प्रयत्न करत होती. इथे सत्तरी ओलांडलेला एक माणूस कॅमेरा घेऊन उघडपणे समोर बसलेला आहे, आणि बोलणाऱ्याला तो तिथे आहे हे ठाऊक आहे.

मी माझ्या कामात एक बदल केला तो या प्रकरणामुळेच. पहिला कच्चा जोड तयार झाला की मी लॅपटॉप घेऊन चित्रित झालेल्या माणसाच्या घरी जाते. निर्मात्यांना हे आवडत नाही, वेळ जातो. मागच्या वर्षी एका अंगणवाडी सेविकेकडे गेले होते. चित्रपटात ती एका ठिकाणी रडते, एका ठिकाणी पर्यवेक्षिकेशी भांडते. मला वाटलं होतं त्यावर ती अडेल. त्यावर ती काहीच बोलली नाही, उलट भांडण बघून तिला हसू आलं. मग एक तुकडा आला, मुलं झोपलेली आहेत आणि ती भिंतीला टेकून एकटी डबा खाते आहे. आठ-नऊ सेकंदांचा, उजेड सुंदर, माझा फार लाडका. तिने पदर सारखा केला, थोडी गप्प बसली. म्हणाली, ‘ताई, तेवढं जेवताना नको. जेवताना कुणी बघितलेलं मला आवडत नाही.’

मी तिथेच बसून तो काढला. जोड लागत नव्हता, म्हणून दाराबाहेर सुकत घातलेल्या चटयांचा एक शॉट होता तो घातला. तिने पुन्हा पाहिलं आणि चहा टाकायला उठली.